निजामाच्या पगारावरचे दोन कादंबरीकार

कळमनुरी कुठे आहे हे पुण्यात कुणाला सांगायचं झालं की माझा एक क्रम ठरलेला आहे. आधी नांदेड, मग हिंगोली, मग औंढा नागनाथ, मग नरसी नामदेव. यातल्या कुठल्या तरी नावाला समोरच्याच्या डोक्यात दिवा लागतो आणि मी म्हणतो, "हां, तिथून जवळच." पूर्वी परभणी जिल्हा असंही सांगता यायचं, कारण हिंगोली जिल्हा झाला १ मे १९९९ ला. त्याआधी आम्ही सगळे परभणीकर.

या क्रमात अजून एक नाव घालता येईल, पण ते ऐकून समोरच्याला काहीच कळणार नाही. ते नाव म्हणजे लंडनमध्ये १८३९ साली तीन खंडांत छापलेली एक इंग्रजी कादंबरी. 'कन्फेशन्स ऑफ अ ठग'. लेखक फिलिप मेडोज टेलर. या कादंबरीच्या प्रस्तावनेत आपलं हिंगोली आहे, आणि नुसतं नावापुरतं नाही. ही तारीख जरा मनात ठेवा. मराठीतली पहिली कादंबरी समजली जाते ती बाबा पदमनजींची 'यमुनापर्यटन', १८५७ सालची. म्हणजे मराठीत कादंबरी जन्मायच्या अठरा वर्षं आधी हिंगोली इंग्रजी कादंबरीत जाऊन बसलं होतं!

आज या टेलरबद्दल लिहायचं आहे, आणि त्याच्या शंभर वर्षांनंतरच्या आपल्या परभणीच्या बी. रघुनाथांबद्दलही. दोघांमध्ये एक गोष्ट समान आहे जी माझ्यासारख्या महिन्याच्या शेवटी सॅलरी स्लिप बघणार्‍या माणसाला लगेच भिडते. दोघंही नोकरी करून कादंबर्‍या लिहीत होते आणि दोघांचाही पगार एकाच दरबाराच्या तिजोरीतून निघत होता. हैदराबादच्या निजामाच्या.

आता नोकरी करून लिहिणं यात विशेष काही नाही. लेखक म्हणजे खिडकीत बसून पावसाकडे बघणारा प्राणी असं आपल्याला उगाच वाटतं. इंग्लंडच्या कादंबरीकारांची यादी काढली तर तिथे चिकार नोकरदार सापडतात. थॉमस लव्ह पीकॉक हा विनोदी कादंबर्‍या लिहिणारा माणूस लंडनच्या ईस्ट इंडिया कंपनीच्या कचेरीत तीसेक वर्षं मोठ्या हुद्द्यावर होता आणि हिंदुस्थानकडे जाणार्‍या आगबोटींचं काम बघायचा. अँथनी ट्रोलॉप १८३४ मध्ये पोस्टात वर्षाला ९० पौंडांवर कारकून म्हणून चिकटला आणि १८६७ पर्यंत पोस्टातच राहिला. पहाटे साडेपाचला टेबलाशी, समोर घड्याळ, दर पंधरा मिनिटांना अडीचशे शब्द, आणि मग ऑफिस. पहाटे कॉफी आणून उठवण्यासाठी त्याने नोकराला वर्षाला ५ पौंड जास्तीचे लावले होते. अशा हिशोबाने त्याने ४७ कादंबर्‍या लिहिल्या. रस्त्यावरची पत्रपेटी ब्रिटिश पोस्टात आली तीही त्याच्याच शिफारशीवरून, १८५२ मध्ये. १८५८ साली हिंदुस्थानची टपाल इजिप्तमधून रेल्वेने नेण्याचा करार करायला त्याला तिकडे पाठवलं, तर तिथेही गड्याने एक कादंबरी संपवली आणि दुसर्‍या दिवशी पुढची सुरू केली. आपण ऑनसाईट गेल्यावर काय करतो ते आठवून बघा :)

तर नोकरी हा मुद्दा नाही. नोकरी कुठली, कुणाची, आणि तिच्याभोवती काय होतं हा मुद्दा आहे.

टेलर जन्मला २५ सप्टेंबर १८०८ ला, लिव्हरपूलमध्ये. वडील व्यापारी, पण धंदा बसलेला. पोराला पंधराव्या वर्षी जहाजात बसवून मुंबईला पाठवून दिलं. तिथल्या एका व्यापार्‍याकडे काम करायचं आणि पुढे त्या पेढीत भागीदारी मिळेल असं ठरलं होतं. १८२४ मध्ये मुंबईला उतरल्यावर कळलं की पेढी कसली, ते कर्जात बुडत चाललेलं दुकान होतं. ऑफर लेटरमध्ये एक आणि प्रत्यक्षात दुसरंच, हा प्रकार तेव्हाही होता तर. सुदैवाने मुंबई सरकारात एक नातेवाईक मोठ्या पदावर होते. त्यांनी खटपट करून त्याला निजामाच्या फौजेत जागा मिळवून दिली आणि त्याच वर्षी पोरगा औरंगाबादला, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरला, रुजू झाला.

इथे थोडं तांत्रिक आहे, पण ते समजून घेतलं पाहिजे. निजामाच्या या फौजेला पुढे हैदराबाद कंटिंजंट म्हणू लागले. शिपाई निजामाच्या मुलखातले, खर्च निजामाचा, पण अधिकारी इंग्रज आणि हुकूम शेवटी हैदराबादच्या इंग्रज रेसिडेंटचा. हिंगोली ही या फौजेच्या छावण्यांपैकी एक. त्यातही टेलर कंपनी सरकारचा पक्का अधिकारी नव्हता, तो 'स्थानिक' भरतीतला. कंपनीच्या सनदी लोकांपेक्षा दर्जा कमी, बढतीला मर्यादा. आपल्या भाषेत सांगायचं तर क्लायंटच्या ऑफिसात बसणारा, दुसर्‍याच्या पेरोलवरचा माणूस. काम तेच, पण ओळखपत्राचा रंग वेगळा.

पण या कमीपणाचा त्याला लेखक म्हणून फायदाच झाला. पक्के अधिकारी दर दोनतीन वर्षांनी प्रांत बदलायचे, हा आयुष्यभर निजामाच्या मुलखात राहिला. भाषा भराभर शिकला. लग्न केलं ते हैदराबादचा सावकार विल्यम पामर याच्या मुलीशी. पामरची आई मोगल घराण्याशी नातं सांगणारी बेगम. म्हणजे टेलरच्या बायकोची आजी हिंदुस्थानी होती. जेमतेम अठराव्या वर्षी त्याला निजामाच्या नैऋत्येकडच्या भागात पोलिसी अंमलदाराचं काम मिळालं. घोड्यावरून गावं फिरायची, तक्रारी ऐकायच्या, वाटमार्‍यांचा तपास करायचा.

त्याच काळात त्याच्या हद्दीत रस्त्याच्या कडेला पुरलेली प्रेतं सापडू लागली. कोण, कुठले, कुणी मारले काही कळेना. तपास लागतोय असं वाटत असतानाच त्याला पलटणीत परत बोलावलं. पुढे १८३० नंतर विल्यम स्लीमनने मध्य हिंदुस्थानात ठगांची टोळकी पकडायला सुरुवात केली आणि एकेका माफीच्या साक्षीदाराकडून देशभरातली नावं बाहेर यायला लागली. मला तिथे राहू दिलं असतं तर ही गोष्ट आधी माझ्या हातून उघडकीला आली असती, अशी चुटपुट टेलरने म्हातारपणी आत्मचरित्रात लिहून ठेवली आहे. नंतर मात्र ठगांच्या जबान्या उतरून घेण्याचं काम त्याच्याही वाट्याला आलं. त्या जबान्यांमधून कादंबरी झाली.

आता हिंगोली. प्रस्तावनेत टेलर सांगतो की हिंगोलीच्या छावणीत हरिसिंग नावाचा एक प्रतिष्ठित व्यापारी होता. स्वतः टेलरचा आणि इतर अनेकांचा त्याच्याशी देण्याघेण्याचा व्यवहार. हा हरिसिंग त्या भागातल्या ठगांचा म्होरक्या निघाला. एकदा त्याने मुलकी अंमलदाराकडे अर्ज करून मुंबईहून कापड आणायचा परवाना घेतला. कापड दुसर्‍याच एका व्यापार्‍याचं होतं आणि तो व्यापारी माल घेऊन वाटेवर आहे हे याला ठाऊक होतं. त्याला, त्याच्या नोकरांना आणि गुरं हाकणार्‍यांना मारून टाकलं, त्याच परवान्यावर माल हिंगोलीत आणला आणि छावणीच्या बाजारात उघड विकला. पकडल्यावर स्वतः सांगेपर्यंत कुणाला पत्ता नव्हता. एवढंच नाही, छावणीच्या ऐन बाजारात, मुख्य पहार्‍यापासून शंभर यार्डांच्या आत माणसं मारली गेली आणि पहारेकर्‍यांच्या रांगेपासून जेमतेम पाच यार्डांवर पुरली गेली. साक्षीदार एकेक जागा थंडपणे दाखवत होते आणि यातले काही खड्डे उकरताना टेलर स्वतः तिथे उभा होता.

हिंगोलीच्या बाजारात मी लहानपणापासून गेलो आहे. दिवाळीचे कपडे, शाळेची दप्तरं, सगळं तिथलंच. त्यामुळे हे वाचताना माझं लक्ष हरिसिंगावर नाही, त्या मेलेल्या कापडवाल्यावर अडकलं. टेलर त्याच्याबद्दल एवढंच सांगतो की तो हिंगोलीपासून फार लांब नसलेल्या एका गावचा. गावाचं नाव नाही, माणसाचं नाव नाही. खुन्याचं नाव पक्कं नोंदलेलं, अंमलदाराचंही नोंदलेलं, कारण दोघांच्याही नावाने सरकारी कागद होता. कापडवाल्याच्या नावाने कागद नव्हता.

टेलर रजेवर इंग्लंडला गेला आणि रिचर्ड बेंटली या प्रकाशकाने १८३९ मध्ये पुस्तक काढलं. हा बेंटली म्हणजे ज्याच्या मासिकात डिकन्सचं 'ऑलिव्हर ट्विस्ट' क्रमशः येत होतं तोच. त्यावेळी तीन खंडांच्या कादंबरीची किंमत साधारण साडेएकतीस शिलिंग असायची. विकत घेणं सामान्य माणसाच्या आवाक्याबाहेर, त्यामुळे लोक वर्गणीच्या वाचनालयातून एकेक खंड घरी न्यायचे. प्रकाशक, मासिकं, वाचनालयं अशी अख्खी यंत्रणा उभी होती आणि नवा माल मागत होती. गादीवर नुकती आलेली विशीतली राणी व्हिक्टोरिया हे पुस्तक छापून होईपर्यंत थांबायला तयार नव्हती, तिने प्रुफंच मागवून वाचली. तिशीतला निजामाचा एक कप्तान एका रात्रीत प्रसिद्ध झाला. पुढच्याच वर्षी टिपू सुलतानवरची कादंबरी आली आणि 'टाइम्स'साठी बातमीपत्रं लिहायचं कामही मिळालं, जे त्याने १८५३ पर्यंत केलं.

आता कादंबरीबद्दल. अमीर अली नावाचा कैदी एका साहेबासमोर बसून आपली जन्मकहाणी सांगतो. ७१९ खून केले, पकडलो नसतो तर हजार झाले असते, असा त्याचा हिशोब. साहेब ऐकतो, मधूनमधून प्रश्न विचारतो, लिहून घेतो. गंमत अशी की अमीर अलीचा आवाज इतका जिवंत आहे की पन्नासेक पानांनंतर तुम्ही त्याच्या बाजूचे होता आणि मग आपण कुणाच्या बाजूचे झालो हे लक्षात येऊन दचकता. हे टेलरचं खरं कसब. बाकीच्या साहेबी लिखाणात हिंदुस्थानी माणूस बहुतेक वेळा सलाम करण्यापुरता येतो. इथे तो शेकडो पानं बोलतो.

पण तो बोलतो तो आरोपी म्हणून. त्याच सुमारास, १८३६ मध्ये, कंपनी सरकारने कायदा केला की ठगांच्या टोळीत होता एवढं सिद्ध झालं तरी जन्मठेप. अमुक खून केला हे सिद्ध करायची गरजच नाही. पुरावा बहुतेक माफीच्या साक्षीदारांचा, म्हणजे दुसर्‍यांची नावं सांगितली तर फाशी टळणार अशा माणसांचा. या जबान्यांवर किती विश्वास ठेवायचा यावर इतिहासकारांचे बरेच वाद झाले आहेत. काहींनी तर ठगी ही इंग्रजांची कल्पनाच म्हणून सोडून दिली. किम वॅग्नरने २००७ च्या पुस्तकात मधली वाट काढली आहे. लूट आणि खून खरे होते, पण कालीच्या नावाने पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला देशव्यापी पंथ हे चित्र बरंचसं सरकारी कागदांतून आणि विचारणार्‍याच्या प्रश्नांमधून तयार झालं. मला हे पटतं. आणि ते चित्र लंडनच्या दिवाणखान्यात नेऊन पोचवलं ते टेलरने. ठग हा शब्द इंग्रजीत घट्ट बसला तो स्लीमनच्या अहवालांमुळे आणि या कादंबरीमुळे. 'जन्माने गुन्हेगार' ही कल्पना तिथे थांबली नाही, १८७१ मध्ये गुन्हेगार जमातींचा कायदा आला. आपल्याकडच्या पारधी, कैकाडी, उचल्या अशा कितीतरी जमातींनी तो शिक्का १९५२ पर्यंत कायद्याने आणि त्यानंतर कायद्याशिवाय सोसला आहे.

म्हणून टेलर वाईट माणूस होता का? तर अजिबात नाही, आणि त्यामुळेच त्याचं आयुष्य वाचण्यासारखं आहे. सुट्टी संपवून परत आल्यावर त्याची नेमणूक शोरापूरला झाली, म्हणजे आजच्या कर्नाटकातलं सुरपूर. तिथला राजा व्यंकटप्पा नायक लहान मूल होता, त्याला टेलरने वाढवलं. पोरगा त्याला अप्पा म्हणायचा. १८५३ पर्यंत तिथला कारभार त्याने पाहिला, त्याने बांधलेला बंगला आजही टेलर मंझिल म्हणून ओळखला जातो.

त्याच १८५३ साली जे झालं त्यात मला या सगळ्या नोकरीचं मर्म दिसतं. त्या कंटिंजंटच्या पगारापायी निजामावर कर्जाचा डोंगर झाला होता. कर्ज फिटेना म्हणून इंग्रजांनी वर्‍हाड, रायचूर दुआब आणि धाराशिव-नळदुर्गचा भाग आपल्या ताब्यात घेतला. नळदुर्गचा कारभार पाहायला कुणाला पाठवलं? टेलरला. म्हणजे ज्या फौजेच्या पगारात त्याचाही पगार होता, त्या पगाराच्या थकबाकीत गेलेला जिल्हा त्यानेच चालवला. आणि तो चांगला चालवला, रस्ते केले, जमिनीची पाहणी केली. सासरा पामर तर निजामाला जबर व्याजाने कर्ज देणार्‍या पेढीचा मालक, जी १८२० च्या दशकात बुडाली. माणूस सज्जन आणि व्यवस्था अशी, हे दोन्ही एकाच वेळी खरं असू शकतं. १८५७ च्या धामधुमीत त्याला बुलढाण्याकडे पाठवलं, तिथे त्याने शांतता टिकवली. तोवर शोरापूरच्या त्याच्या लाडक्या राजाने इंग्रजांविरुद्ध बंड केलं होतं. १८५८ मध्ये राजा पकडला गेला, टेलर त्याला भेटला आणि त्याच वर्षी गोळी लागून तो तरुण मेला. यावरची पानं आत्मचरित्रात आहेत, आणि ती कुठल्याही कादंबरीपेक्षा जड आहेत.

तब्येतीमुळे १८६० मध्ये टेलर परत गेला आणि मग पूर्ण वेळ लिहायला बसला. 'तारा' आली १८६३ मध्ये. तुळजापूरच्या भवानीच्या देवळातल्या ब्राह्मणाची मुलगी नायिका, आणि मागे शिवाजी महाराज आणि अफझलखान. मराठीतली पहिली ऐतिहासिक कादंबरी मानली जाते ती गुंजीकरांची 'मोचनगड', १८७१ सालची. म्हणजे इथेही साहेब आठ वर्षं पुढे! १६५७, १७५७ आणि १८५७ अशी शंभर-शंभर वर्षांच्या अंतराची तीन कथानकं त्याने लिहिली. शेवटी डोळे गेले. तरी सालारजंगाच्या निमंत्रणावरून १८७५ मध्ये तो हैदराबादला आला, आजारी पडला आणि परत जाताना १३ मे १८७६ ला फ्रान्समध्ये मेंटन इथे वारला.

आता दुसरा नोकरदार.

भगवान रघुनाथ कुलकर्णी, म्हणजे बी. रघुनाथ. जन्म १५ ऑगस्ट १९१३, सातोना, तेव्हाचा परभणी जिल्हा. मॅट्रिक हैदराबादला १९३२ मध्ये. पुढे शिकायची परिस्थिती नव्हती, म्हणून निजाम सरकारच्या बांधकाम खात्यात कारकुनी धरली आणि परभणीत राहिले. सुरुवातीला 'फुलारी' नावाने कविता लिहीत. पहिली कादंबरी 'ओ' आली १९३६ मध्ये, वय तेवीस. त्यानंतर 'हिरवे गुलाब' १९४३, 'बाबू दडके' १९४४, 'उत्पात' १९४५, 'म्हणे लढाई संपली' १९४६. चार वर्षांत चार कादंबर्‍या, वर दिवसभराची कचेरी. शिवाय कथासंग्रह, कविता, ललित निबंध. ट्रोलॉपच्या तोडीचा वेग आहे हा. फक्त त्याच्यासारखा पहाटे कॉफी आणून देणारा जास्तीच्या पगाराचा नोकर आणि पुढे फुललेला बाजार यांपैकी काही नव्हतं.

तेव्हाच्या निजामी राज्यात मराठी लेखक असणं म्हणजे काय हे आपल्याला आज चटकन कळणार नाही. कारभाराची भाषा उर्दू. उच्च शिक्षणाची भाषाही उर्दू, कारण १९१८ च्या उस्मानिया विद्यापीठाचं माध्यमच उर्दू होतं. मराठी पुस्तकांचा बाजार पुण्यामुंबईला, म्हणजे ब्रिटिश इलाख्यात, दुसर्‍या राज्यात. तिथल्या वाचकाला परभणी म्हणजे लांबचा मुलूख. आणि इथल्या लोकांपैकी किती जणांना तेव्हा मराठी वाचता येत होतं, हा वेगळाच प्रश्न. अशा जागी बसून हा माणूस ढासळत चाललेली सरंजामी घरं, कारकून, गावातलं राजकारण, बायकांची घुसमट हे सगळं लिहीत होता. सप्टेंबर १९४८ मध्ये निजामाचं राज्य गेलं, राजवट बदलली. बी. रघुनाथांचं टेबल मात्र तेच राहिलं. ७ सप्टेंबर १९५३ ला कचेरीत काम करत असतानाच त्यांना मृत्यू आला. वय चाळीस. 'आडगावचे चौधरी' ही कादंबरी त्यानंतरच्या वर्षी प्रसिद्ध झाली.

ट्रोलॉपने वयाच्या बावन्नाव्या वर्षी राजीनामा दिला, कारण कादंबर्‍यांची कमाई पगाराच्या पुढे गेली होती. टेलर बावन्नाव्या वर्षी निवृत्त झाला आणि पुढे सोळा वर्षं लिहीत राहिला. बी. रघुनाथांना बावन्न वर्षं मिळाली असती तर ते साल १९६५ असतं. मराठवाडा महाराष्ट्रात आलेला, औरंगाबादला विद्यापीठ झालेलं, मराठीतून शिकलेली पहिली पिढी कॉलेजात. त्यांचा वाचक तयार होत होता. पण त्यांना ती वर्षं मिळालीच नाहीत.

बरेचदा आपण म्हणतो की नोकरीने लेखक मारला. मला तसं वाटत नाही. नोकरी तिघांनाही होती, आणि तिघांनाही तिने लिहायला मालमसाला दिला. ट्रोलॉपला गावोगावचे पोस्टमास्तर भेटले, टेलरला कैदी भेटले, बी. रघुनाथांना तालुक्याच्या गावातली अख्खी पडझड समोर दिसली. फरक पडला तो पुस्तक लिहून झाल्यावर ते कुठे जातं यात. टेलरची वही हिंगोलीहून निघून राणीच्या टेबलापर्यंत पोचली, कारण मधले सगळे रस्ते बांधलेले होते. बी. रघुनाथांची वही परभणीहून पुण्याला पोचतानाच दमली. आज टेलरची कादंबरी ऑक्सफर्डच्या अभिजात मालिकेत मिळते, 'ठग्ज ऑफ हिंदोस्तान' हा सिनेमा २०१८ मध्ये आला तेव्हाही तिचं नाव पुन्हा पेपरांत आलं. बी. रघुनाथांच्या नावाचं परभणीत सभागृह आहे, त्यांच्या नावाने पुरस्कार दिला जातो. पण माझ्या वयाच्या दहा मराठवाडी मित्रांना विचारलं तर त्यांची एक कादंबरी वाचलेला एखादाच निघतो. आणि हे काम राणी व्हिक्टोरियाचं नव्हतं, आपलं होतं.

आणि एक गोष्ट. अमीर अलीने साहेबाला जबानी दिली त्यानंतर साधारण दीडशे वर्षांनी, १९८७ मध्ये, लातूर जिल्ह्यातल्या धनेगावच्या लक्ष्मण गायकवाडांचं 'उचल्या' आलं. ज्या जमातीवर जन्मतः चोर असा शिक्का होता, तिच्यातल्याच माणसाने स्वतःची गोष्ट स्वतः लिहिली. समोर साहेब नाही, माफीचं आमिष नाही, प्रश्न विचारणारं कुणी नाही. १९८८ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्याला मिळाला. अमीर अली आणि 'उचल्या' लागोपाठ वाचून बघा. माणूस विचारल्यावर काय बोलतो आणि न विचारता काय बोलतो यातलं अंतर दिसेल.

वाचायचा क्रम सुचवायचा तर मी असा सुचवेन. आधी 'आडगावचे चौधरी', मग 'उचल्या', आणि मग टेलर. टेलर जरूर वाचा, फार ताकदीचा लेखक आहे. पण तो शेवटी. त्याच्या प्रस्तावनेतल्या हिंगोलीच्या पानांवर पोचाल तेव्हा ते नाव नसलेलं कापडवाल्याचं गाव आपल्याला थोडंफार ओळखीचं झालेलं असेल. तिथली घरं कशी होती, कुळकर्णी-चौधरी कसे वागत, बाजारच्या दिवशी काय चालायचं, हे सांगणारा माणूस आपल्याकडे झालेला आहे. परभणीच्या बांधकाम खात्यात कारकून होता.